गाउस सापडत का नाही, आणि गॅलिलिओला एवढंसं विवर का?

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. तुम्ही शाळेत गणित शिकवता, ७० मिमीची लेन्सवाली दुर्बीण आहे, आणि मुलांना चंद्रावरची गणितज्ञांची विवरं दाखवायचीत. त्यासाठी यादीतली मोठी मोठी नावं निवडलीत, पौर्णिमेला दुर्बीण लावलीत, तर गाउस, न्यूटन, हिल्बर्ट यातलं काहीच मिळालं नाही. वर मुलांनी विचारलं की गॅलिलिओला फक्त १५ किलोमीटरचं विवर आणि क्लॅव्हियस नावाच्या कोणाला सव्वादोनशे किलोमीटरचं, हे ठरवलं कोणी? आणि आपल्याकडचं कोणी आहे का तिथे?

मी बरीच वर्षं चंद्र बघतेय आणि लोकांना दाखवतेय, आणि यादी हातात घेऊन पौर्णिमेला सुरुवात करणारे खूप जण भेटतात, त्यामुळे तुमची अडचण ओळखीची आहे. दुर्बिणीत काही खोट नाही. यादीत विवराचा व्यास असतो पण ते चकतीवर नेमकं कुठे आहे आणि तिथे ऊन कधी तिरपं पडतं हे आपण बघत नाही, गडबड तिथे होते. नावांच्या बाबतीतही तसंच, विवर किती मोठं मिळालं यावरून माणूस किती मोठा होता ते कळत नाही, नाव कोणत्या साली दिलं गेलं आणि तेव्हा कुठली जागा मोकळी होती एवढंच कळतं. हे धरून चाललात की नकाशा वाचायला एकदम सोपा होतो.

आधी दुर्बिणीचं बघू. ७० मिमीच्या भिंगातून हवा स्थिर असेल तर चंद्रावरचे तीनेक किलोमीटरचे बारकावे तत्त्वतः सुटे दिसायला हवेत, पण 'हे विवर आहे' असं नवख्या मुलाला खात्रीने सांगता येईल असं आठ-दहा किलोमीटरच्या पुढचंच. हवा उकळत असेल तर पंधराच्या खाली जाऊच नका. वर्धन, म्हणजे प्रतिमा किती पट मोठी दिसते ते, ७० ते १०० पट पुरतं, त्याहून जास्त केलंत तर प्रतिमा फक्त फुगते आणि मंद होते. मुलं उंचीने लहान-मोठी असतात, आयपीसला, म्हणजे डोळा लावायच्या भिंगाला, धक्के लागतात, म्हणून मी स्वतः गटाला दाखवताना ७० च्या वर सहसा जात नाही.

पौर्णिमा का नको, तर तेव्हा सूर्य आपल्या पाठीमागून सरळ चंद्रावर पडतो, सावल्या गायब होतात, आणि विवर म्हणजे शेवटी सावलीच असते. टायको आणि कोपर्निकस या विवरांभोवतीचे पांढरे पट्टे मात्र त्या दिवशी झकास दिसतात. बाकी सगळं उजेड-अंधाराच्या सीमेवर बघायचं, ज्याला आम्ही टर्मिनेटर म्हणतो. तिथे सूर्य नुकताच उगवत असतो त्यामुळे शंभर मीटरच्या उंचवट्याचीही लांब सावली पडते.

आता ती सीमा कुठल्या दिवशी कुठे असेल हे काढायला कुठलंही अ‍ॅप लागत नाही, आणि हे गणिताच्या शिक्षकाला सांगताना मला विशेष आनंद होतोय. तिथी म्हणजे काय, चंद्र आणि सूर्य यांच्यातलं अंतर १२ अंशांनी वाढलं की एक तिथी. आणि तेच अंतर वाढतं तशी टर्मिनेटरही चंद्रावर तितकेच अंश सरकते. म्हणजे शुक्ल पक्षात ९० मधून पूर्ण झालेल्या तिथी गुणिले १२ वजा करा, येईल ते सूर्योदयाचं रेखांश, धन आलं तर पूर्व, ऋण आलं तर पश्चिम. अष्टमी संपताना ९० वजा ९६, म्हणजे ६ अंश पश्चिम. कोपर्निकस २० अंश पश्चिमेला आहे, ११० भागिले १२ म्हणजे साधारण ९.२, म्हणजे दशमी लागल्यावर थोड्या वेळात तिथे उजाडतं. फक्त एक लक्षात ठेवा, कॅलेंडरच्या चौकटीत छापलेली तिथी सूर्योदयाची असते, संध्याकाळी कदाचित पुढची लागलेली असते, म्हणून पंचांगात तिथी किती वाजता संपते ते बघा. आणि चंद्र थोडा डुलतो त्यामुळे या हिशोबात सात-आठ अंशांपर्यंत फरक पडू शकतो, म्हणजे अर्ध्याहून थोडी जास्त तिथी इकडे-तिकडे.

हे डुलणंच गाउसच्या न सापडण्याचं कारण आहे. चंद्र आपल्याकडे एकच बाजू ठेवतो हे खरं, पण त्याची कक्षा लंबवर्तुळाकार आणि आस किंचित कललेली असल्यामुळे कधी या कडेचं तर कधी त्या कडेचं थोडं जास्त डोकावतं, आणि सगळं मिळून आपल्याला पृष्ठभागाचा ५९ टक्के भाग दिसतो. गाउस १७७ किलोमीटरचं आहे पण ७९ अंश पूर्वेला, अगदी काठावर. ७९ अंशांचा कोसाइन जेमतेम ०.१९, म्हणजे त्याची रुंदी आपल्याला ३४ किलोमीटरइतकीच दिसते, लांबुळकी चीर दिसावी तशी. मुलांना त्रिकोणमिती कशाला लागते हे सांगायला याहून चांगलं उदाहरण माझ्याकडे नाही. पूर्वेची कड आपल्याकडे वळलेली असेल अशा वेळी शुक्ल तृतीया-चतुर्थीला किंवा पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी, तिथे मावळतीचं ऊन असताना बघा, नक्की मिळेल. आणि गाउस मिळाला की त्याच्याही पलीकडे, अगदी कडेवर, रीमान आहे. रीमानने पीएचडी गाउसकडे केली होती, आणि चंद्रावरही गुरूला ओलांडल्याशिवाय शिष्यापर्यंत पोचता येत नाही. ७० मिमीत रीमान मिळालाच तर मला जरूर कळवा, तो फार मोडकळीला आलेला आहे.

न्यूटन दक्षिण ध्रुवाजवळ आहे, ७७ अंश दक्षिणेला. चांगलं ८० किलोमीटरच्या आसपास मोठं आणि प्रचंड खोल, पण तिथे सूर्य कायम क्षितिजालगत, त्यामुळे तळाचा बराच भाग सावलीतच राहतो आणि आपल्याला फक्त काळं भगदाड आणि उजळलेली कड दिसते, तीसुद्धा दक्षिण टोक आपल्याकडे झुकलेलं असताना. हिल्बर्ट तर पलीकडच्या बाजूलाच आहे, ते पृथ्वीवरून कोणालाच दिसत नाही.

आता मुलांचा प्रश्न, जो मला तुमच्या प्रश्नापेक्षाही जास्त आवडला. आज आपण वापरतो त्या नावांची पद्धत पडली १६५१ साली. त्याआधी व्हॅन लँग्रेनने १६४५ मध्ये नकाशा काढून राजे-सरदारांची नावं भरपूर दिली होती, हेवेलियसने १६४७ मध्ये पृथ्वीवरच्या डोंगरांची आणि समुद्रांची नावं दिली, त्यातली आल्प्स, अ‍ॅपेनाइन्स एवढी पर्वतांची टिकली. मग बोलोन्यातले दोन जेसुइट पाद्री, रिच्चोली आणि ग्रिमाल्डी, यांनी 'अल्माजेस्टम नोव्हम' या ग्रंथात नवीन नकाशा छापला. चित्र ग्रिमाल्डीचं, नावं रिच्चोलीची. त्याने चकतीचे आठ भाग केले आणि एका काळाचे, एका विचारांचे लोक शक्यतो जवळजवळ बसवले. प्लेटो, अ‍ॅरिस्टॉटल, युडोक्सस उत्तरेला, टायको दक्षिणेला ठसठशीत. क्लॅव्हियस हा जेसुइट गणितज्ञ, १५८२ च्या ग्रेगोरियन कॅलेंडरच्या मागचं गणित बरंचसं त्याचं, म्हणजे रिच्चोलीच्या दृष्टीने आपल्याच घरातला थोर माणूस, त्याला आपल्या बाजूचं सगळ्यात भव्य विवरांपैकी एक मिळालं. स्वतःला आणि ग्रिमाल्डीला त्याने पश्चिम कडेला शेजारी शेजारी ठेवलं. ग्रिमाल्डीचा काळा तळ अगदी साध्या दुर्बिणीतही उठून दिसतो, आणि तो मान त्याला शोभतो, प्रकाशाचं विवर्तन पहिल्यांदा नीट टिपलं ते त्यानेच.

पण याच रिच्चोलीने काय केलं बघा. कोपर्निकसच्या पुस्तकावर १६१६ मध्ये चर्चने बंदी घातलेली, गॅलिलिओवरचा खटला १६३३ चा, आणि रिच्चोली त्याच ग्रंथात पृथ्वी स्थिर आहे या बाजूने पानंच्या पानं लिहितोय. तरी कोपर्निकसला त्याने चकतीवरचं सगळ्यात देखण्या विवरांपैकी एक दिलं, केपलरला त्याच्या जवळ ठेवलं, पृथ्वी सूर्याभोवती फिरते असं प्राचीन ग्रीसमध्येच म्हणणाऱ्या अरिस्टार्कसला चंद्रावरची सगळ्यात झगझगीत जागा दिली. तिघंही 'वादळांचा महासागर' नावाच्या मोठ्या काळ्या सपाटीत किंवा तिच्या काठाशी. कोणी म्हणतं त्याने त्यांना वादळात ढकललं. मला स्वतःला तसं वाटत नाही, ज्याला कमी लेखायचंय त्याला कोणी इतकी उठावदार जागा देत नाही.

गॅलिलिओचं छोटं विवर हाही रिच्चोलीचा दोष नाही. त्याने गॅलिलिओचं नाव दिलं होतं ते एका मोठ्या पांढऱ्या डागाला, ज्याला आज आपण राइनर गॅमा म्हणतो, तो नागमोडी आकाराचा उजळ पट्टा. पुढे कळलं की तिथे खड्डा वगैरे काही नाही, जमीन सपाट आहे, आणि एकोणिसाव्या शतकात मेडलर या जर्मन खगोलशास्त्रज्ञाने आपला नकाशा करताना गॅलिलिओचं नाव जवळच्याच एका लहान विवरावर नेऊन ठेवलं. म्हणजे ती निव्वळ आवराआवर करताना झालेली हलवाहलव आहे. मुलांना दोन्ही दाखवा, त्रयोदशीच्या सुमारास दोन्ही उजेडात येतात. डाग आधी शोधा, तो सहज मिळतो, आणि मग वायव्येला थोडं सरकून विवर.

न्यूटनचं उत्तर तर एका वाक्यात होतं, १६५१ मध्ये तो आठ वर्षांचा होता. ऑयलर, लाग्रांज, गाउस जन्मायचेच होते. ते प्रसिद्ध होईपर्यंत चकतीच्या मधल्या चांगल्या जागा संपल्या होत्या, मग श्रोटर, मेडलर वगैरे नकाशे काढणाऱ्या मंडळींनी उरलेल्या लहान नाहीतर काठावरच्या जागा भरल्या. म्हणून ऑयलरला मारे इम्ब्रियममधलं (मारे म्हणजे 'समुद्र', चंद्रावरची काळी सपाटी) फक्त २८ किलोमीटरचं विवर, आणि लाप्लासला तर विवरही नाही, सायनस इरिडम या सुंदर उपसागराच्या तोंडाशी असलेलं एक भूशिर. १९१९ मध्ये आंतरराष्ट्रीय खगोल संघ स्थापन झाला, तोवर एकाच विवराला तीन नकाशांत तीन नावं असा घोळ झालेला होता, तो मेरी ब्लॅग आणि कार्ल म्युलर यांनी निस्तरून १९३५ मध्ये अधिकृत यादी काढली. ब्लॅगबाईंच्या नावाचं पाचेक किलोमीटरचं विवर चकतीच्या जवळजवळ मधोमध आहे, तुमच्या दुर्बिणीला जरा अवघडच, पण मी दरवेळी त्या जागी थांबून त्यांचं नाव सांगते, कारण बाकीची सगळी नावं आपण गोंधळ न होता घेऊ शकतो ती त्यांच्या चिकाटीमुळे.

मग ऑक्टोबर १९५९ मध्ये लुना ३ या सोव्हिएत यानाने पलीकडच्या बाजूचे पहिले फोटो पाठवले आणि अचानक अख्खा नवा गोलार्ध रिकामा मिळाला. १९७० मध्ये खगोल संघाने पाचशेच्या आसपास नावं एकदम मंजूर केली. आधुनिक गणितातली माणसं तिकडे का जमलीयत ते आता कळेल, हिल्बर्ट, पॉइंकारे, कँटर, एमी नोएदर, सोफिया कोव्हालेव्हस्काया, सगळी तिकडे. एव्हारिस्त गाल्वा विसाव्या वर्षी द्वंद्वात गेला, त्याचं विवर दोनशे किलोमीटरहून मोठं आहे, आणि ज्याने आयुष्यभर न थांबता लिहिलं त्या ऑयलरचं २८. आईनस्टाइन पश्चिमेच्या अगदी कडेवर आहे, तो १९५५ मध्ये गेला आणि नाव १९६४ मध्ये लागलं. तो बघायला पश्चिमेची कड आपल्याकडे चांगली वळलेली हवी.

आपल्याकडच्या नावांबद्दल. मेघनाद साहा, शिशिरकुमार मित्रा, होमी भाभा, जगदीशचंद्र बोस यांची विवरं चांगली साठ ते शंभर किलोमीटरची आहेत पण पलीकडच्या बाजूला. आपल्याला दिसणारी तीन. रामन हे अरिस्टार्कसच्या पठाराजवळचं दहा किलोमीटरचं, साराभाई हे मारे सेरेनिटॅटिसमधलं आठ किलोमीटरचं, आणि आर्यभट शांतिसागराच्या पूर्व भागातलं बावीस किलोमीटरचं. या तिघांना पूर्वी स्वतःची नावं नव्हती, शेजारच्या मोठ्या विवराचं नाव आणि एक अक्षर अशी मेडलरची पद्धत होती तशी ती हेरोडोटस डी, बेसेल ए आणि मॅस्केलिन ई होती, १९७० च्या दशकात नवीन नावं लागली. म्हणून जुन्या नकाशात शोधलंत तर आर्यभट मिळणार नाही, मॅस्केलिन ई शोधा.

तुमच्या मुलांसाठी यातलं आर्यभटच घ्या. लाव्हाने ते जवळजवळ गिळलंय, फक्त एका बाजूची कमान वर राहिलीय. पंचमीला किंवा षष्ठीला, ऊन तिरपं असताना, गुळगुळीत काळ्या सपाटीवर ती कमान उजळ धाग्यासारखी दिसते. सूर्य वर चढला की दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी तीच जागा डोळ्यांसमोर असून ओळखता येत नाही.

षष्ठी-सप्तमीला तिथेच थोडं दक्षिणेला यायचं. थिओफिलस हे शंभर किलोमीटरचं ताजं, मध्ये शिखर असलेलं विवर कोणालाही सापडतं. त्याने शेजारचं जुनं सिरिलस थोडं खाल्लंय, कुठलं आधीचं आणि कुठलं नंतरचं हे मुलं स्वतःच सांगतात. दोघंही अलेक्झांड्रियाचे बिशप, दोघांनीही ईस्टरच्या तारखांची कोष्टकं केली. आणि तिथून उत्तरेला अडीच-तीनशे किलोमीटरवर एक वेडंवाकडं, लांबट विवर आहे, ते हिपॅशिया. अलेक्झांड्रियात गणित शिकवणारी, इसवी सन ४१५ मध्ये, सिरिल बिशप असतानाच, धर्मांध जमावाने मारून टाकलेली. तिचे वडील थिऑन यांच्या नावाचं, थिऑन ज्युनियर, तिच्या पश्चिमेला आहे, लहान पण गोल आणि रेखीव. मी हा भाग दाखवताना घाई करत नाही. सगळे एकाच आयपीसच्या वर्तुळात बसतात.

अष्टमीला टॉलेमियस, अल्फॉन्सस आणि अर्झाकेल ही मधोमधची तीन विवरं ओळीने दिसतात, त्यातला अर्झाकेल म्हणजे टोलेडोचा अल-झरकाली. वर उत्तरेला आर्किमिडीज, ८० किलोमीटरहून मोठं आणि तळ लाव्हाने भरून पाटीसारखा सपाट. त्याच दिवशी अ‍ॅपेनाइन्स पर्वताची टोकं अंधारात सुटी चमकताना दिसतील, तिथे थांबा, कारण १६१० मध्ये गॅलिलिओने केलेला हिशोब मुलं स्वतः करू शकतात. त्याने बघितलं की काही शिखरं उजेडाच्या सीमेपासून चंद्राच्या व्यासाच्या विसाव्या भागाइतकी आत अंधारात असूनही उजळलेली आहेत. व्यास २००० इटालियन मैल धरला, तर त्रिज्या १०००, शिखराचं अंतर १००. काटकोन त्रिकोण काढायचा, १००० चा वर्ग अधिक १०० चा वर्ग, त्याचं वर्गमूळ १००५ च्या किंचित खाली. म्हणजे शिखर चार मैलांहून उंच, असं त्याने लिहिलं. पायथागोरसचा सिद्धांत आणि दुर्बीण, बास. अर्धचंद्राच्या सुमारासच हे करा, कारण तेव्हा ते अंतर तिरकं न दिसता खरं दिसतं. खुद्द पायथागोरस १४० किलोमीटरचा आहे पण वायव्य कडेला, त्रयोदशीला बघा.

एकादशीला केपलर, डायोफँटस आणि छोटासा पण पांढऱ्या वलयामुळे उठून दिसणारा युक्लिड. लॉगॅरिदमवाले नेपर आणि ब्रिग्ज मात्र एका संध्याकाळी मागू नका, नेपर पूर्व कडेला आणि ब्रिग्ज पश्चिमेला, एकाचा सूर्योदय प्रतिपदेला तर दुसऱ्याचा चतुर्दशीला.

दोन सूचना दिशांबद्दल, नाहीतर नकाशा हातात असून चुकाल. तुमच्या दुर्बिणीला काटकोनी आरसा लावलेला असणार, त्यात डावं-उजवं उलटतं, तेव्हा नकाशाही आरशातला घ्या, बहुतेक अ‍ॅपमध्ये तशी सोय असते. आणि १९६१ च्या आधीच्या पुस्तकांत चंद्राची पूर्व-पश्चिम आजच्या बरोब्बर उलट आहे, खगोल संघाने ती त्या वर्षी बदलली. आज मारे क्रिसियम ज्या बाजूला ती पूर्व.

मुलं हमखास विचारतील की आपलं नाव देता येतं का. विवराला ज्यांचं नाव द्यायचं ती व्यक्ती जाऊन किमान तीन वर्षं झालेली असावी लागतात आणि विज्ञानात मोठं काम असावं लागतं, अंतराळवीरांसाठी थोडे अपवाद झालेत, आणि अगदी लहान विवरांना साधी पहिली नावं दिलेली आहेत. पैसे घेऊन प्रमाणपत्र देणाऱ्यांच्या नावांना खगोल संघात काहीही स्थान नाही.

सगळं मिळून एकच संध्याकाळ हाताशी असेल तर नवमी घ्या. अंधार पडताना चंद्र चांगला वर असतो, शाळेच्या वेळेला सोयीचं. एरॅटोस्थिनीस अ‍ॅपेनाइन्सच्या टोकाशी काठोकाठ सावलीने भरलेला मिळेल, आर्किमिडीज आणि टॉलेमियसची तिकडी अजून छान असेल, आणि दक्षिणेला क्लॅव्हियस उघडत असेल. क्लॅव्हियसच्या आत बघा, आग्नेय कडेवरच्या रदरफर्डपासून सुरू होऊन लहान लहान होत जाणाऱ्या विवरांची एक कमान आहे, मुलांना ती मोजायला सांगा, ७० मिमीत चार तरी यायला हव्यात. रात्री उशिरापर्यंत थांबलात तर कोपर्निकसची पूर्वेकडची कड उजेडात यायला लागलेली दिसेल. आर्यभट मात्र त्या दिवशी शोधू नका, तिथे सूर्य खूप वर आलेला असेल, त्याच्यासाठी पंचमी-षष्ठीची वेगळी संध्याकाळ ठेवा.